टिटवीचं गाणं आणि राहिलेले आभार

एका जंगलात टीव्ही आला.

कुठून आला, कोणी आणला, वीज कुठली, असले प्रश्न मुलांनो, विचारू नका. तुमच्या घरात तरी तो कुठून आला हे तुम्हाला कुठे माहीत आहे? तुम्ही जन्मलात तेव्हा तो होताच. तसाच तिथेही तो आला आणि वडाच्या पारावर बसला. मग त्याच्यापुढे सगळं जंगल बसलं.

मागच्या रांगेतल्याने नाक ओढायचं थांबवावं. गोष्ट सुरू झाली आहे.

तर त्या जंगलात, नदीकाठच्या गोट्यांमध्ये एक टिटवी राहायची. तिचं नाव ठकू. नवऱ्याचं नाव धोंडू. त्यांना घर नव्हतं. टिटवीची जात घर बांधतच नाही. गोट्यांमध्ये जरा खोलगट जागा बघायची आणि चार अंडी घालायची. अंडीही गोट्यांसारखीच दिसतात, त्यामुळे चोराला ती सापडत नाहीत. कधीकधी धोंडूलाही सापडायची नाहीत आणि तो दुपारभर एखादा गोटा उबवत बसायचा.

ठकूचं काम होतं पहारा. बिबट्या दिसला की ओरडायचं. ‘टिव! टिव! टिट्टिव टिव!’ जंगलात रिवाजच ठरून गेला होता. पहिल्या टिवला ससे पळायचे. दुसऱ्या टिवला हरणं पळायची. तिसऱ्या टिवला रानडुकरं उठायची, कारण त्यांना उठायलाच वेळ लागतो. चौथ्या टिवपर्यंत मैदानात बिबट्या एकटाच उरायचा आणि आपण इकडे सहज पाय मोकळे करायला आलो होतो असा चेहरा करायचा.

या कामाबद्दल ठकूला कोणी शाबासकी दिली असेल असं तुम्हाला वाटतं? तुम्ही फार भोळे आहात. ‘मेली सकाळी सकाळी ओरडली, आता दिवस वाईट जाणार,’ असं झिपरी सशीण म्हणायची. बिळात सुखरूप बसून म्हणायची.

पण ठकूला ओरडण्यापलीकडे आणखी एक गोष्ट यायची. तिचं स्वतःचं एक गाणं होतं. टिटवी पाय वर करून झोपते, हे तुम्ही ऐकलं असेल. आभाळ पडलंच तर पायांवर झेलायचं म्हणून ती तशी झोपते. लोक तिला हसतात. हसू द्या. आभाळ अजून पडलेलं नाही, हे तर खरं ना? तर तशी उताणी पडली की ठकू हळूच म्हणायची:

आभाळा रे, टेक जरासा,
माझे पाय बारीक आहेत;
खाली चार अंडी माझी
तुला तरी ठाऊक आहेत.

पुढे आणखी एक कडवं होतं. पण धोंडू पहिल्या ओळीला ‘वा!’ म्हणायचा आणि दुसऱ्या ओळीला घोरायचा. वाईट नव्हता तो. दिवसभर गोटे उबवून माणूस दमतो. ठकूला मात्र फार वाटायचं, की एकदा, फक्त एकदा, कोणीतरी आपलं गाणं शेवटपर्यंत ऐकावं. हे वाटणं वाटाण्याएवढं होतं, पण रात्रंदिवस टोचायचं.

आणि अशात कोल्हेसाहेब आले.

कोल्हेसाहेब डोळ्यांवर काळा चष्मा लावायचे. पूर्वी ते द्राक्षांच्या मळ्याच्या बाहेर उभे राहून ‘आंबट आहेत’ म्हणायचे. त्यातूनच त्यांना परीक्षणाचा अनुभव मिळाला. त्यांनी टीव्हीवर गाण्याची स्पर्धा काढली. नाव ठेवलं ‘सूर रानाचा’. परीक्षक दोन. एक गाढव, त्यांना सगळे उस्ताद म्हणत. दुसरा मोर. मोराचा आवाज कसा असतो ते तुम्हाला माहीत आहे, पण तो दिसायला चांगला होता आणि टीव्ही ही शेवटी बघायची गोष्ट आहे. ‘गाढवाला गुळाची चव काय’ ही म्हण त्या मोसमापुरती जंगलात बंद ठेवण्यात आली.

निवड नदीकाठीच होती. ठकू रांगेत उभी राहिली. धोंडू म्हणाला, “अगं, जा बिनधास्त. आपल्या जातीने समुद्र आटवलाय म्हणतात. हे तर नुसतं गाढव आहे.”

ठकूचा नंबर आला. तिने डोळे मिटले आणि सुरुवात केली. “आभाळा रे, टेक जरासा...”

उस्तादांनी जांभई दिली. मोराने विचारलं, “पिसं कोण करतं तुमची?” बघायला जमलेले ससे आपापसात बोलू लागले. दोन रानडुकरं उठून निघालीसुद्धा.

तेवढ्यात ठकूने डोळे उघडले. परीक्षकांच्या मागे करवंदीची जाळी होती. जाळीत पिवळं काहीतरी होतं. पिवळ्यावर काळे ठिपके होते आणि ते ठिपके पुढे सरकत होते.

“टिव! टिव! टिट्टिव टिव!”

ससे पळाले. हरणं पळाली. रानडुकरं आधीच उठलेली होती, त्यामुळे या वेळी सगळ्यांच्या पुढे तीच होती. धुळीचा लोट उठला. बिबट्याने आळस दिल्यासारखं केलं आणि तो परत गेला. परीक्षकांची पाठ त्याच्याकडे होती. त्यांना काहीच दिसलं नाही. त्यांना फक्त ठकू दिसली आणि तिच्या एका तानेवर रिकामं झालेलं मैदान दिसलं.

“काय हालवलं पब्लिक!” कोल्हेसाहेब ओरडले. “एकही जण बसून राहिला नाही!”

उस्तादांच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. “काय ती आर्तता! मी चाळीस वर्षं रियाज केला, पण इतका घाबरा सूर मला कधी लागला नाही.”

“अहो, बिबट्या होता,” ठकू म्हणाली.

“विषय कोणता का असेना,” उस्ताद म्हणाले. “भावना पोचली.”

झालं. ठकूची निवड झाली.

मग कोल्हेसाहेबांनी तिला बाजूला घेतलं. “ताई, आता तुमची करुण कहाणी सांगा.”

“तशी काही नाही,” ठकू म्हणाली. “नवरा बरा आहे. चार अंडी आहेत. नदीला पाणी आहे.”

“असं म्हणून चालत नाही. आठवा. आजारपण? उपासमार? बरं, राहता कुठे?”

“इथेच. गोट्यांमध्ये.”

“म्हणजे घर?”

“घर नाही.”

कोल्हेसाहेबांनी चष्मा काढला. त्यांच्या डोळ्यांत आनंदाश्रू होते. “बेघर!” ते म्हणाले. “ताई, आधी नाही का सांगायचं!”

त्या शनिवारी पारावरच्या टीव्हीवर सगळ्या जंगलाने ठकूची कहाणी पाहिली. ती जिथे राहते ते गोटे दाखवले. अंडी दाखवली. धोंडू एका गोट्यावर बसलेला दाखवला आणि मागे बासरी वाजवली. झिपरी सशीण हुंदके देऊन रडली. ती ठकूच्या शेजारीच दहा वर्षं राहत होती, पण तिला हे सगळं टीव्हीवरूनच कळलं.

मग टीव्हीतल्या ठकूने तान घेतली. “टिव! टिव! टिट्टिव टिव!”

पहिल्या शनिवारी सगळं जंगल पारावरून पळालं. दुसऱ्या शनिवारी अर्धं पळालं आणि लाजत परत आलं. तिसऱ्या शनिवारी सशांनी नुसता एक कान वर केला. चौथ्या शनिवारी एका माकडाने त्या तानेवर कंबर हलवली. पाचव्या शनिवारी सगळेच हलवू लागले. सहाव्या शनिवारपर्यंत जंगलातल्या पिल्लांना पळायचा नाच पाठ झाला. तो असा: पहिल्या टिवला डावा पाय, दुसऱ्याला उजवा, तिसऱ्याला गिरकी, चौथ्याला जागच्या जागी उडी. मुळात तो जिवाच्या भीतीने पळण्याचाच प्रकार होता, पण आता त्यात कोणी कुठे जात नव्हतं.

मतदान बोराच्या बियांनी होतं. आवडत्या गायकाच्या नावाच्या ढोलीत बी टाकायची. माकडांनी चारही हातांनी बिया टाकल्या आणि ठकू जिंकली. बक्षीस काय मिळालं माहीत आहे? घर. सुतारपक्ष्याच्या नव्या झाडात, सातव्या फांदीवर, पूर्वेला तोंड असलेली ढोली. किल्ली हातात घेतानाचा फोटो निघाला. टिटवीला झाडावर बसता येत नाही. तिचे पाय फांदी पकडायला केलेलेच नाहीत. पण हे विचारायचं राहून गेलं आणि ठकूलाही सांगायचा संकोच वाटला.

मुलांनो, जिंकणं हे सोपं काम आहे. जिंकल्यानंतर जे करावं लागतं ते अवघड.

कोल्हेसाहेबांनी ठकूचं नाव बदलून ‘टिव्हा’ ठेवलं. टिव्हाला बोलावणी येऊ लागली. मुंग्यांच्या नव्या वारुळाचं उद्घाटन, टिव्हा. हरणाच्या पाडसाचं बारसं, टिव्हा. घुबडांच्या लग्नाची वरात, टिव्हा. रानडुकराच्या घरी सत्यनारायण होता, तिथे प्रसादाच्या आधी एकदा आणि नंतर दोनदा. सगळीकडे लोक एकच म्हणायचे, “ते म्हणा ना, टिट्टिव टिव!”

ठकू म्हणायची, “माझं एक दुसरं गाणं आहे. आभाळाचं. म्हणू?”

“म्हणा की!” लोक म्हणायचे. ती ‘आभाळा रे’ म्हणायची आणि लोकांना कामं आठवायची. कोणाचं दूध उतू जाणार असायचं. कोणाचं पिल्लू घरी एकटं असायचं, आणि ते पिल्लू त्याच्याच कडेवर असायचं. ‘टेक जरासा’पर्यंत पहिली रांग रिकामी व्हायची. ‘बारीक आहेत’पर्यंत मंडप.

तिने हट्टाने त्या गाण्याची एक ध्वनिफीत काढली. प्रकाशनाला अकरा जण आले. त्यातले नऊ पोह्यांसाठी आले होते. एकाला पत्ता चुकला होता. अकरावा धोंडू होता. तो पहिल्या ओळीला ‘वा!’ म्हणाला आणि पुढचं तुम्हाला माहीत आहे.

“ताई,” कोल्हेसाहेब म्हणाले, “लोकांना तुमच्यातलं जे आवडतं ते सोडून बाकी सगळं तुम्ही गाता.”

तोवर अंड्यांतून चार पिल्लं बाहेर आली होती. काड्यांसारखे पाय, कापसाच्या बोंडासारखी अंगं. ती आईला टिव्हा म्हणायची, कारण टीव्हीत तसंच म्हणत. पळायचा नाच त्यांना चालायच्या आधी आला.

आणि मग एका दुपारी बिबट्या आला. खराखुरा.

ठकूने पाहिला आणि बेंबीच्या देठापासून ओरडली, “टिव! टिव! टिट्टिव टिव!”

ससे बिळांतून बाहेर आले. पळून जायला नव्हे, नाचायला! “टिव्हा! टिव्हा!” म्हणत त्यांनी डावा पाय टाकला, उजवा पाय टाकला, गिरकी घेतली. बिबट्याने असं दृश्य जन्मात पाहिलं नव्हतं. तो इतका गोंधळला की त्याचा नेम चुकला आणि झिपरीच्या नवऱ्याचा फक्त अर्धा कान गेला.

“कसा झाला कार्यक्रम?” तो घरी आल्यावर झिपरीने नवऱ्याला विचारलं.

“काय?” नवरा म्हणाला. त्या बाजूने त्याला आता कमी ऐकू येत होतं. “जोरदार! अगदी अंगावर आला!”

ठकू त्या दिवशी जेवली नाही. ती कोल्हेसाहेबांकडे गेली. “साहेब, ते गाणं बंद करा. ते गाणंच नाही. ती हाक आहे. आता मी खरी हाक मारली तर माझी पिल्लंसुद्धा पळणार नाहीत.”

“ताई, असं बोलू नका. केवढी लोकप्रियता आहे ही!”

“अहो, मरतील सगळे!”

“पण नाचत,” कोल्हेसाहेब म्हणाले. त्यांना खरंच वाटत होतं की ते दिलासा देत आहेत.

पुढे ‘सूर रानाचा’चं दुसरं पर्व झालं आणि एक बेडूक जिंकला. टिव्हाचे फोटो उतरले, बेडकाचे चढले. ठकूला बरं वाटलं. लोक आता आपल्याला विसरतील आणि हाक पुन्हा हाक होईल, असं तिला वाटलं. लोक तिला विसरले. नाच मात्र विसरले नाहीत. तो प्रत्येक वरातीत होताच.

आता नीट ऐका. चुळबुळ करणाऱ्याला बाहेर काढीन.

हिवाळ्यात रानमहोत्सव भरला. गाणार होता बेडूक. पण थंडी पडली आणि बेडूक ऐन वेळी चिखलात जाऊन झोपला. बेडकाशी करार उन्हाळ्यात केला की असं होतं. कोल्हेसाहेब धावत ठकूकडे आले. “ताई, लाज राखा. एकच दुपार.” ठकू नाही म्हणणार होती, पण चारही पिल्लं तोवर पहिल्या रांगेत जागा धरायला पळाली होती.

महोत्सवाला प्रमुख पाहुणा लागतो. सिंह बाहेरगावी होता. हत्ती खुर्चीत मावत नव्हता. म्हणून कोल्हेसाहेबांनी बिबट्याला बोलावलं. कोणी घाबरलं नाही. बिबट्या फेटा बांधून आला की तो बिबट्या राहत नाही, माननीय होतो. सगळे उठून उभे राहिले, बँड वाजला, दोन हरिणींनी त्याला ओवाळलं. बिबट्याला गहिवरून आलं. आजवर तो जिथे गेला तिथून सगळे पळून गेले होते, नाहीतर त्याच्याकडे न बघता नाचले होते. या आयुष्यात त्याच्यासाठी थांबलेली ही पहिलीच माणसं होती. बरं, माणसं नाही. तुम्हाला कळलं आहे मला काय म्हणायचंय ते.

व्यासपीठावर ओंडक्याची खुर्ची होती आणि तिच्यावर टॉवेल टाकलेला होता. बिबट्याला त्यावर बसवलं. खांद्यांवर शाल घातली. मांडीवर नारळ दिला. समोर अख्खं जंगल रांगांनी बसलं होतं. लहान पुढे, मोठे मागे, अगदी वाढलेल्या ताटासारखं.

बिबट्याने कार्यक्रमपत्रिका वाचली. दीपप्रज्वलन, सत्कार, गायन, आभारप्रदर्शन, अल्पोपाहार.

“खाणं अगदी शेवटी?” त्याने कोल्हेसाहेबांच्या कानात विचारलं.

“पद्धतच आहे, माननीय. आधी दिलं तर आभाराला कोणी थांबत नाही. आणि पाहुण्यांनीही आभार झाल्याशिवाय खुर्ची सोडायची नसते. सोडली तर फार वाईट दिसतं. मग पुढच्या वर्षी बोलावत नाहीत.”

“छे, छे, मी थांबेन,” बिबट्या म्हणाला. पुढच्या वर्षी बोलावणं यावं असं त्याला मनापासून वाटत होतं. मग त्याने पहिल्या रांगेकडे पाहिलं. तिथे झिपरीची सात पिल्लं होती. त्यांच्या शेजारी ठकूची चार. “पण मला अल्प पुरणार नाही,” तो म्हणाला आणि त्याच्या शेपटीचं टोक हललं.

कोल्हेसाहेब हसले. त्यांना वाटलं, विनोद केला. पडद्यामागे ठकू उभी होती. तिने शेपटीचं टोक पाहिलं. असं टोक ती आयुष्यभर ओळखत आली होती.

आता काय करायचं? तुम्ही काय केलं असतं? तेच तिने केलं. ती पुढे आली आणि जीव तोडून ओरडली.

“टिव! टिव! टिट्टिव टिव!”

मैदान उसळलं. डावा पाय, उजवा पाय, गिरकी, उडी. “वन्स मोअर!” माकडं ओरडली. बिबट्यानेही नारळावर ताल धरला.

“अहो, पळा!” ठकू रडत म्हणाली. “तो खाणार आहे!”

“खाणार आहे! खाणार आहे!” सगळ्यांनी तालात म्हटलं. नवीन ओळ त्यांना फारच आवडली. उस्ताद पहिल्या रांगेच्या कोपऱ्यात डोळे पुसत होते. चार पिल्लं नाचत नाचत व्यासपीठाच्या इतकी जवळ आली, की बिबट्याने पंजा नुसता लांबवला असता तरी पुरे झालं असतं.

ठकूचा आवाज बसला. रात्री आभाळाची भीती वाटली की ती जे करायची तेच तिने आताही नकळत केलं. डोळे मिटले आणि तोंडातल्या तोंडात सुरू केलं:

“आभाळा रे, टेक जरासा...”

खुर् असा आवाज आला. ठकूने डोळे उघडले. दोन रानडुकरं उठत होती.

ती बघतच राहिली. मग जरा मोठ्याने म्हणाली, “माझे पाय बारीक आहेत...”

हरणांची अख्खी रांग उठली. उठताना सगळे कमरेत वाकतात तशी ती वाकली. वाकून गेलं की कोणाला दिसत नाही, अशी हरणांचीही समजूत आहे. माकडं झाडाझाडांवरून सटकली. मोराला थंडी वाजू लागली. झिपरी नवऱ्याला म्हणाली, “चला, हिचं ते सुरू झालं.” नवऱ्याला ऐकू आलं नाही, म्हणून तिने त्याला उरलेल्या कानाला धरून ओढलं आणि सातही पिल्लं त्यांच्यामागे निघाली. उस्ताद म्हणाले, “मी जरा पाणी पिऊन येतो,” आणि ते उलट्या दिशेने पाणी प्यायला गेले.

आता ठकू खऱ्या आवाजात गाऊ लागली. आयुष्यात इतकं चांगलं ती कधी गायली नव्हती. आणि ती जितकी चांगली गायली, तितकं मैदान लवकर रिकामं झालं. पहिल्या कडव्याच्या शेवटी कोल्हेसाहेब हळूच पडद्यामागून निसटले. आभार त्यांनीच मानायचे होते.

उरली ती तिची चार पिल्लं. ती बिचारी आईचं गाणं ऐकत थांबली होती. ठकूचा सूर क्षणभर कापला. पण मागून धोंडू धावत आला, आणि त्याने चौघांना पंखांनी पुढे ढकलत ढकलत नदीकडे नेलं. त्या दिवशी त्याने ते गाणं पहिल्यांदाच दुसऱ्या ओळीच्या पुढे ऐकलं. “अगं, चांगलं आहे की!” तो पळता पळता ओरडला.

मैदानात कोणी राहिलं नाही. व्यासपीठावर ठकू होती आणि बिबट्या होता. बिबट्या तीनदा अर्धा उठला आणि तीनदा परत बसला. आभार झाले नव्हते.

ठकूने दुसरं कडवं घेतलं.

पडायचंच तर पड बापा
नदीपल्याड, डोंगरावर;
इथे कुणी निजले आहे
गोट्यांच्या अंथरुणावर.

गाणं संपलं.

“संपलं?” बिबट्याने विचारलं.

“संपलं.”

“दुसरं कडवं बरं आहे. पहिल्यात त्याला टेक म्हणता, तेव्हा मला वाटलं तुम्ही घाबरला आहात. पण दुसऱ्यात तुम्ही त्याला रागवता. ते आवडलं.” बिबट्याने फेटा सरळ केला. “आता आभार.”

मुलांनो, त्याने शेवटपर्यंत ऐकलं होतं! नुसतं ऐकलं नव्हतं, त्याला कळलं होतं. इतक्या वर्षांत असा एक श्रोता मिळाला होता आणि त्याचे आभार मानावेत असं ठकूला आतून, अगदी पोटातून वाटत होतं. शब्द चोचीपर्यंत आला. ‘आ’ झाला होता.

तेवढ्यात तिचं लक्ष खाली गेलं. धुळीत चार पिल्लांच्या पावलांच्या बारीक खुणा नदीकडे गेल्या होत्या. अजून ताज्या होत्या.

“आ...णखी एक कडवं आहे,” ठकू म्हणाली. “पण ते उद्या.”

“आणि आभार?”

“ते त्याच्यानंतर.”

“ठीक आहे,” बिबट्या म्हणाला आणि त्याने नारळ मांडीवर नीट ठेवला.

दुसऱ्या दिवशी वडाच्या पारावर एकच बातमी होती. ठकूचा कार्यक्रम सपशेल पडला. झिपरी सगळ्यांना सांगत होती, “बरं झालं आम्ही वेळेवर उठलो. तो माननीय म्हणे खरा बिबट्याच होता. तो खाता ते वेगळंच, पण वर ते गाणंही पुरं ऐकावं लागलं असतं!” ठकूने आपल्याला वाचवलं, हे कोणाच्याही डोक्यात आलं नाही. ठकूनेही सांगितलं नाही. ती कामात होती. संध्याकाळपर्यंत तिला तिसरं कडवं करायचं होतं.

तेव्हापासून ठकू रोज संध्याकाळी त्या मैदानात जाते. एक नवं कडवं गाते. बिबट्या शाल पांघरून, फेटा बांधून शेवटपर्यंत ऐकतो, एखादी ओळ पुन्हा म्हणायला लावतो, आणि मग खाकरून आभाराची वाट बघतो. आभार राहतात. कडवी आता चारशेच्या वर गेली आहेत.

तो खातो काय, असं कोण विचारतंय? अल्पोपाहार. तीनशे जणांचा मागवला होता आणि सगळे आधीच निघून गेले. बिबट्याला चिवडा चालतो का, हा प्रश्न त्याला विचारायला हवा. जा, विचारून या. तो खुर्चीतच आहे.

तात्पर्य: चांगलं गाणं कानावर पडताच ताबडतोब उठून घरी जावं, जीव वाचतो. आणि शेवटपर्यंत ऐकणारा एखादा भेटलाच, तर त्याचे आभार चुकूनही मानू नयेत. मानले की तो मोकळा होतो.

असो. तुम्ही सगळे अगदी शेवटपर्यंत बसलात, त्याबद्दल मी तुमचे... काही नाही. बसा.